श्रावणभाऊंना माहीत होतं

ज्योतीचा फोन आला तेव्हा मी यवतमाळच्या घरी ओसरीवर बसून चष्मा पुसत होतो. "काका, बाबा गेले," एवढंच ती म्हणाली. जे विचारायचं असतं ते सगळं मी विचारलं. केव्हा, कसे, कोण होतं जवळ... सकाळी चहा घेऊन नेहमीसारखे कामाला बसले आणि बसल्या जागीच कलंडले, असं तिनं सांगितलं. फोन ठेवल्यावर मला जे पहिल्यांदा वाटलं ते दुःख नव्हतं. मला सुटल्यासारखं वाटलं. आता त्या माणसाला तोंड दाखवावं लागणार नाही, असं वाटलं. दुःख नंतर आलं, दुपारी, जेवणाच्या ताटावर. पण आधी काय आलं ते मी लपवणार नाही, कारण हा लेख लपवलेल्या गोष्टीबद्दलच आहे.

अंत्यविधीला मी गेलो नाही. गुडघ्याचं कारण सांगितलं. गुडघा खरोखर दुखतो, पण यवतमाळहून नेरला जाणाऱ्या बसमध्ये चढता येणार नाही इतका दुखत नाही.

श्रावणभाऊ नेरचे वाढई, म्हणजे आपण सुतार म्हणतो ते. शेतीची वखरं-तिफणी, दारं-खिडक्या हे त्यांचं वर्षाचं काम. पण उन्हाळा सरत आला की ते सागाचे तुकडे निवडून बाजूला ठेवायचे आणि तान्ह्या पोळ्याचे बैल करायला घ्यायचे. आमच्या विदर्भात मोठ्या पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मुलांचा पोळा असतो. मुलं चाकांवरचे लाकडी बैल सजवून मिरवतात, आणि कुठंकुठं उत्तम बैलाला बक्षीस ठेवतात. मी मूळचा नेरचाच. यवतमाळच्या एका महाविद्यालयात तत्त्वज्ञान शिकवायचो. गावचा प्राध्यापक म्हणून एका वर्षी मला परीक्षक म्हणून बोलावलं. पंचवीसेक वर्षं झाली असतील.

मैदानावर बैलांची रांग लागली होती. कागदी झुली, बेगडाची शिंगं, घुंगरं. त्यात सात-आठ वर्षांच्या एका मुलीचा बैल असा होता की माझी नजर त्याच्यावर पुन्हा पुन्हा जात होती. वशिंड, गळ्याची पोळी, डोळ्यांखालची घडी सगळं जिवंत. फक्त मान उजवीकडे कललेली. थोडीशीच, पण कललेली. मी माइकवर निकाल सांगताना जरा पांडित्य दाखवलं. "हा बैल सुंदर आहे," मी म्हणालो, "पण मान वाकडी झाली आहे. हात अजून बसायचा आहे." त्या मुलीला बक्षीस मिळालं नाही. ती ज्योती होती, आणि बैल तिच्या बापानं केला होता.

कार्यक्रम संपल्यावर पांढरा सदरा घातलेला एक काटक माणूस माझ्या खुर्चीसमोर येऊन उभा राहिला.

"मास्तर, तुमच्या घरी वावर हाय काय जी?"

"शेत होतं. वडिलांच्या वेळी."

"बैल होते?"

"होते की."

"मंग तुमी जुंपले नसन कधी. नुसते पाह्यले असन."

आजूबाजूचे लोक हसले. मीही हसलो, दुसरं काय करणार. मग त्यांनी तो बैल पोरीच्या हातातून घेतला आणि माझ्या टेबलावर ठेवला. "हा वाकडा नाई. हा डाव्या अंगाचा बैल हाय. धा सालं डावीकडून चालला. याचा जोडीदार उजवीकडे. मंग याची मान जोडीदाराकडे जाईन, का तुमच्या खुर्चीकडे पाहीन?"

मी पाण्याचा पेला उचलून एक घोट घेतला. आणि त्याच क्षणी मला त्या बैलाच्या उजवीकडे, टेबलावरच्या रिकाम्या जागेत, दुसरा बैल दिसला. 'दिसला' हा शब्द मी जपून वापरतो आहे. तिथं काही नव्हतं. पण त्या जागेवर पेला ठेवायला हात पुढे गेला तो मी मागे घेतला.

मी जे शिकवायचो त्यातला माझा आवडीचा भाग होता फिनॉमिनॉलॉजी. मराठीत तिला कोणी रूपविवेचन म्हणतात, कोणी आणखी काही. साध्या शब्दांत सांगायचं तर वस्तूबद्दल जे आधीच ठाऊक आहे ते थोडा वेळ बाजूला ठेवायचं आणि ती आपल्याला कशी अनुभवाला येते तेवढंच नीट पाहायचं. त्यातला एक पहिला धडा असा की आपल्याला कुठलीही वस्तू सगळ्या बाजूंनी एकदम कधीच दिसत नाही. दिसते एक बाजू, तरी आपण अनुभवतो ती पूर्ण वस्तू. न दिसणारी बाजूही त्या दिसण्यात कशी तरी हजर असते. हे समजावताना मी वर्षानुवर्षं फळ्यावर एक ठोकळा काढायचो. वर्गात सहा-सात मुलं, त्यातली दोन परीक्षेपुरती. तो ठोकळा पाहून कुणाच्या डोळ्यात काही हललं असं मला आठवत नाही. माझ्याही नाही.

त्या पोळ्यानंतर मी श्रावणभाऊंकडे जाऊ लागलो. आधी महिन्यातून एकदा, मग दर रविवारी. बसस्टँडमागच्या गल्लीत त्यांचं घर, अंगणात टिनाच्या छपराखाली काम. ते पायानं लाकूड धरून वाकसानं तासायचे, मी समोर पाटावर वही घेऊन बसायचो. त्यांची बायको शांताबाई, मी त्यांना वहिनी म्हणायचो, दोन कप चहा आणून ठेवायच्या आणि म्हणायच्या, "आले काय तुमचे शागीर्द?" मी शिकायला जातो हे त्या घरात सगळ्यांना स्वच्छ माहीत होतं. बाहेर मी सांगायचो की एका कारागिराचा अभ्यास करतो आहे.

मी माझ्या पुस्तकातले प्रश्न विचारायचो. ते उत्तर देताना हात थांबवत नसत. एकदा मी त्यांना न दिसणाऱ्या बाजूची गोष्ट सांगितली, मोठ्या थाटात, जणू काही नवलाची वस्तू पिशवीतून काढतो आहे. ते म्हणाले, "त्यात काय जी? बैलाची एक बाजू दिसते, दुसरी डोयाले माहीत असते. नाई त मानूस त्याच्यापाशी उभा राह्यला असता काय? भेला नसता?" मग लाकूड उलटं करून म्हणाले, "पन नवीन वाढई दोनी बाजू सारख्या करते. बैल काई दोनी बाजूनं सारखा नसते. एका बाजूनं त्याले मानसाचा हात लागते, एका बाजूनं जोडीदाराचं अंग लागते."

आणि एकदा, दिवाळीच्या पुढंमागं, त्यांनी ते सांगितलं ज्याच्यावर माझं पुढलं सगळं नाव उभं राहिलं. मी विचारलं होतं, की तुम्ही एकच बैल करता, जोडी का करत नाही? त्यांनी पटाशी खाली ठेवली. हात थांबवून ते बोलले ते मला वाटतं तेवढंच.

"आमच्या बापाजवळ जोडी होती. त्यातला एक मेला. दुसरा गोठ्यात किती दिवस जागा सोडून उभा राहे. पूरा गोठा खाली, तरी हा आपला एका कोपऱ्याले, आंग चोरून. तवा मले समजलं, जो नाई थो बी तिथंच उभा असते जी. मी लाकडात त्यालेच करतो. हा जो दिसते, हा त्याच्यासाठी केला."

मी ते शब्द वहीत जसेच्या तसे उतरवले. वही अजून आहे. आज ते त्या वहीतूनच इथं लिहिले आहेत.

पुढं मी एक लेख लिहिला. नागपूरच्या एका चर्चासत्रात वाचला, मग माझ्या लेखसंग्रहात घेतला. कलाकृती दाखवते त्यापेक्षा जागा अधिक मोकळी ठेवते, आणि त्या मोकळ्या जागेत पाहणाऱ्याचा सगळा अनुभव येऊन उभा राहतो, असा त्याचा आशय. जो बैल नाही त्याच्यासाठी कललेली मान हे त्यातलं मुख्य उदाहरण. लोकांना लेख आवडला. काही ठिकाणी तो अभ्यासाला लागला. आमच्या छोट्या वर्तुळात मला ज्या एका गोष्टीसाठी ओळखतात ती हीच. गोठ्यातला बैलही त्यात आहे, पण तो मी माझ्या वडिलांच्या गोठ्यात बांधला. श्रावणभाऊंचं नाव लेखात नाही. 'ग्रामीण भागातील एक कारागीर' असं आहे. आणि त्याच्यापुढं हे वाक्य आहे: 'हा कारागीर हे सारे नकळत करतो, आपल्या हातून काय घडते आहे याची त्याला जाणीव नाही, आणि म्हणूनच ते इतके निखळ आहे.'

हे वाक्य खोटं आहे. लिहिताना मला माहीत होतं की ते खोटं आहे. का लिहिलं, याचा मी पुष्कळ विचार केला आहे आणि उत्तर फार साधं आहे. त्यांना माहीत होतं असं लिहिलं असतं, तर मग मी काय शोधलं होतं? दुसऱ्याच्या अनुभवाला आपल्या समजुतीचा रंग न देता सामोरं जा, हे मी तीस वर्षं मुलांना सांगितलं. आणि ज्या एका माणसानं आपला अनुभव उघडून माझ्यासमोर ठेवला, त्याला मी लिहून दिलं की तुला तो नाहीच.

याहून लाजिरवाणी गोष्ट अशी की पुस्तक छापून आल्यावर मी स्वतः नेरला जाऊन त्यांना प्रत दिली. सही करून, 'सप्रेम भेट' लिहून. ते चौथीपर्यंत शिकलेले, वाचन हळू. पुस्तक ते उघडणार नाहीत, असं माझ्या मनात कुठंतरी होतं. त्यांनी ते दोन्ही हातांनी घेतलं, कपाळाला लावलं.

पंधरा दिवसांनी गेलो तर छपराखाली पाट नव्हता. मी उभाच राहिलो. ते बैलाचे पाय घासत होते.

"वाचलं जी तुमचं," ते म्हणाले. "पोरीनं वाचून दाखवलं."

"कसं वाटलं?"

"बम चांगलं लिहिलं. मले काईच माहीत नाई, थे बी लिहिलं."

मी काहीतरी बोललो. तो लिहिण्याचा एक प्रकार असतो, अभ्यासकांची भाषा असते, असं काहीसं. त्यांनी मान डोलावली. "बराबर हाय. मले कुठी माहीत हाय? तुमाले माहीत म्हून त तुमी मास्तर." आवाजात राग नव्हता. राग असता तर मी पाय धरले असते, असं मी स्वतःला पुष्कळदा सांगितलं आहे.

त्या वर्षीच्या पोळ्याला त्यांनी केलेल्या सगळ्या बैलांच्या माना सरळ होत्या. अगदी ओळंब्यात धरल्यासारख्या. त्याच्या पुढच्या वर्षीही. माझा लेख वाचून नागपूर-अमरावतीकडची दोन-चार माणसं तो वाकड्या मानेचा बैल मागायला नेरला गेली, तेव्हा त्यांना श्रावणभाऊंनी सांगितलं ते मला त्यांच्यातल्याच एकानं हसत हसत ऐकवलं. "माहीत नव्हतं तवा करत होतो. आता मास्तरनं सांगून देल्लं ना, आता नाई जमत."

त्या माणसाला ती गंमत वाटली. मला ती वाटली नाही. माझ्या एका वाक्यानं एका माणसाच्या हातातली कला बंद पडली, हे मी तेव्हापासून धरून चाललो आहे. दरवर्षी तान्ह्या पोळ्याला मी नेरच्या त्या मैदानावर जायचो, लांब, लिंबाखाली उभा राहायचो आणि माना पाहायचो. सगळ्या सरळ. मग परत यायचो.

दुरुस्ती करायची संधी मिळाली नाही असंही नाही. संग्रहाची दुसरी आवृत्ती निघाली तेव्हा प्रकाशकानं छापील प्रत पाठवून काही बदल असतील तर कळवा असं लिहिलं होतं. मी लाल पेन घेऊन बसलो. त्या पानावर बराच वेळ होतो. दोन अनुस्वार दुरुस्त केले आणि पान उलटलं.

शेवटची भेट कळंबला झाली, चिंतामणीच्या देवळात, दीड-दोन वर्षांपूर्वी. मी पायऱ्या उतरत होतो, ते वर येत होते. खूप बारीक झाले होते.

"मास्तर! अजून शिकवता काय जी?"

"नाही. कधीच सोडलं."

"मंग आता काय करून राह्यले?"

"काही नाही. घरी बसतो."

"बसून काई पाहता का नाई? पाहा, पाहा. फुकट हाय." आणि ते हसले. दात फारसे उरले नव्हते. मला वाटलं, हीच वेळ. मी म्हणालो, "श्रावणभाऊ, त्या लेखात मी..."

"कोन्ता लेख?" ते म्हणाले आणि माझ्याकडे नीट पाहत उभे राहिले.

मी म्हणालो, "काही नाही."

ते खरंच विसरले होते, की मला ते वाक्य माझ्याच तोंडानं पूर्ण करायला लावत होते, हे मी आता ठरवू नये. मी ते पूर्ण केलं नाही, एवढं मात्र माझ्या बाजूचं आहे आणि ते मी सांगू शकतो.

ऐन पेरणीच्या दिवसांत ते गेले. मी नेरला गेलो तो पोळ्याच्या आदल्या दिवशी. छपराखाली ज्योती होती. आता ती तिशीच्या पलीकडे गेली आहे, अंगणवाडीत शिकवते. तिनं "या" म्हटलं आणि पाट टाकला. मी बसलो नाही. म्हणालो, "ज्योती, मी एक लेख लिहितो आहे. ते वाक्य खोटं होतं, हे लिहिणार आहे."

ती म्हणाली, "आता?"

तिनं जमिनीवरचा भुसा पायानं बाजूला केला. "थे वाक्य मीच वाचलं काका. बारावीले होती मी. बाबानं मले दोनदा वाचाले लावलं. मले वाटलं, खुश हून राह्यले, म्हून पुन्हा आयकते. मी आनखीन जोरानं वाचलं." ती माझ्याकडे बघत नव्हती. "लिहा. पन नाव टाका. एक कारागीर नको. पूरं नाव."

श्रावण सखाराम वाढई. राहणार नेर, जिल्हा यवतमाळ. माझ्या लेखातला विचार त्यांचा आहे, उदाहरण त्यांचं आहे, गोठा त्यांच्या वडिलांचा आहे. ते जाणून करत होते. मला ते समजलं ते त्यांनी समजावून सांगितलं म्हणून.

आम्ही बोलत होतो तेवढ्यात वहिनी आतून वाटी घेऊन आल्या. त्या दिवशी खांदशेकणी होती. पोळ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडे बैलांचे खांदे हळद-लोण्यानं, पळसाच्या पानानं चोळतात आणि त्यांना उद्याच्या जेवणाचं आवतण देतात. त्या घरात लाकडी बैलांनाही ते करायची रीत आहे, हे मला ठाऊक नव्हतं. इतके रविवार मी गेलो, पण त्या दिवशी कधी गेलो नव्हतो. फळीवर श्रावणभाऊंनी या वर्षी करून ठेवलेले अकरा बैल होते. काहींना अजून चाकं नव्हती. सगळ्यांच्या माना सरळ. वहिनींनी चार बैलांना हळद लावली आणि पाचव्यापाशी कमरेवर हात ठेवला.

"लावा ना जी बाकीच्याले. नुसते पाहून काय राह्यले? हात चालतात ना?"

मी पळसाचं पान घेतलं आणि एक बैल मांडीवर धरला. मानेवरून वशिंडाकडे पान फिरवताना वशिंडाच्या पुढं, जू बसतं तिथं, उजव्या अंगाला माझं बोट खाली गेलं. एक उथळ खोलगट जागा होती, अंगठ्याएवढी, गुळगुळीत घासलेली. वर्षानुवर्षं जुवाच्या त्या बाजूला ओढ बसलेल्या बैलाला जशी पडते तशी. मी बैल उजेडात धरून पाहिलं. काही दिसलं नाही. पुन्हा बोट फिरवलं. होती. मी शेजारचा बैल घेतला. त्याला ती डाव्या अंगाला होती.

मी ज्योतीकडे पाहिलं.

"याच सालचे नाई," ती म्हणाली. "तवापासूनचे सारेच असे हायेत. ज्याच्या घरी खांदा चोळतात त्याले समजते."

एक प्रश्न माझ्या तोंडापर्यंत आला होता. त्यांनी हे मुद्दाम... तो मी गिळला. असले प्रश्न विचारून मी एकदा काय केलं आहे ते वर लिहिलंच आहे. एवढी वर्षं लिंबाखाली उभा राहून मी जे बंद पडलं म्हणून हळहळत होतो, ते गावातल्या घराघरांत चाललं होतं. माझ्यापुरतंच ते बंद होतं.

वहिनी आपल्या हातातल्या बैलाच्या कानाशी वाकून म्हणत होत्या, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या." मी त्या खोलगट जागेत हळद भरली, पान फिरवलं, बैलाच्या कानाशी वाकलो. शब्द लहानपणापासून पाठ आहेत. तोंडातून निघेनात.

"म्हना ना जी," वहिनी म्हणाल्या, "उपाशी ठेवता काय त्याले?"

मी म्हटलं. मग दुसरा बैल घेतला, ज्याची ती जागा डावीकडे होती, आणि त्यालाही म्हटलं.